सावलीचा गुन्हा

झगमग ग्रहावरच्या लोकांचं अंगच दिव्यासारखं उजळतं, आणि ज्याचा उजेड जास्त त्याचा मान मोठा. राजा लखाण तर सगळ्यांहून प्रखर! एकदा फटकळ मिणी आजी दरबारात त्याच्यापुढे उभी राहिली, तशी तिच्यामागे लांबलचक सावली पडली.

राजा कडाडला, "माझ्या दरबारात काळोख आणतेस? आत्ताच्या आत्ता घालव, नाहीतर अंधारकोठडीत विझत पडशील!"

आजीनं वळून सावली नीट न्याहाळली. मग म्हणाली, "महाराज, ही पडलीय तुमच्याच उजेडानं. तुम्ही माझ्याइतके मिणमिणते झालात, की लगेच जाईल. होताय?"

राजा घाईघाईनं सिंहासनावरून उठला आणि मान वाकडी करून तिच्या पाठीमागे बघत हळूच म्हणाला, "सावली आहे ना अजून, आजी?"