नाळेचा आकार

कोकणातल्या एका खाडीच्या मुखाशी एकदा एक वृद्ध नौकाशिल्पी राहत असत. शिडांच्या जहाजांचा तो काळ. कागदावर एक रेघही न ओढता, केवळ दोरी आणि नजर यांच्या आधारे ते सागवानातून गलबत उभे करीत. सारा किनारा त्यांना आबा म्हणे. रुपाजी नावाचा एक तरुण त्यांच्यापाशी ही विद्या शिकत होता.

त्या वर्षी आबांनी एका व्यापाऱ्यासाठी बांधलेले गलबत त्यांच्या हातून घडलेले सर्वांत देखणे असे लोक म्हणत. लांबलचक, निमुळते, पाण्यावर ठेवताच पळू पाहणारे. रुपाजीचा धाकटा भाऊ धाकू त्यावर सुकाणू धरायला गेला. दसऱ्यानंतर निघालेले गलबत संक्रांतीपर्यंत यायचे होते. ते आले नाही. एका फळीला मिठी मारून वाहत आलेला हरबा नावाचा खलाशी तेवढा आला.

वैद्याने त्याची आशा सोडली होती. झोपडीत गाव जमला होता. रुपाजी दाराशी उभा होता. भावाविषयी विचारायचा त्याला धीर होत नव्हता. तेवढ्यात आबा आले. लोकांनी वाट करून दिली. आता चार धीराचे शब्द ऐकू येतील, असे सगळ्यांना वाटले.

आबा हरबाच्या उशाशी बसले आणि म्हणाले, "पाणी आधी कुठून चढलं? पुढून की मागून?"

हरबाच्या डोळ्यांना धारा लागल्या. "आबा, ते नका विचारू."

"सांग. लाट मागून येत होती ना? मग नाळ वर उचलली की खाली गेली?"

नाळ म्हणजे गलबताचे पुढचे टोक. हरबाने डोळे मिटले. "खाली. भाल्यासारखी पाण्यात घुसली ती. वर आलीच नाही. मग गलबत आडवं फिरलं आणि..."

"एकदम फिरलं की हळूहळू?"

हरबाच्या आईने आबांचे पाय धरले. "पोराला सुखानं जाऊ द्या हो." आबांनी तिच्या मस्तकावर हात ठेवला, पण प्रश्न थांबवले नाहीत. रुपाजीला ते पाहवेना. तो बाहेर पडला आणि वाळूतून चालत सुटला. दिवस मावळायच्या आत हरबा गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी रुपाजी बांधणीच्या मांडवात आला. तिथे त्याच घाटाचे आणखी एक गलबत अर्धे उभे होते. त्याच्या पुढच्या बरगड्या आबा एकटेच उखडून काढीत होते.

"हत्यारं परत करायला आलोय," रुपाजी म्हणाला. "त्याच्यापाशी चार श्वास उरले होते. तेही तुम्ही घेतलेत."

आबांनी हातातला लाकूड तासायचा वाकस खाली ठेवला.

"माझ्या पणजोबांच्या काळी फळ्या काथ्याच्या दोरीनं शिवत. कुठल्याशा वादळात शिवण उसवली, माणसं गेली, मग आपल्याकडे खिळे आले. खिळे बेतापेक्षा मोठे मारले तेव्हा फळ्या चिरल्या. त्यात माझा सख्खा चुलता गेला. गलबताच्या ह्या कुशी आज रुंद दिसतात ना, त्या अरुंद होत्या तेव्हा एक अख्खं वऱ्हाड कलंडलं. हे गलबत कुणा शहाण्यानं योजलेलं नाही, रुपाजी. बुडणाऱ्यांनी सांगितलं, आम्ही लाकूड कापलं. पाण्याचं मन ज्यांना कळतं, ते परत येत नाहीत. चुकून एखादा येतो, तोही घटकाभरासाठी. त्या घटकेत त्याचं सांत्वन करू, की पुढच्यांसाठी विचारून घेऊ? दोन्ही मला कधी साधलं नाही." त्यांनी पायाशी पडलेल्या बरगडीवर हात टेकला. "त्या गलबताची नाळ फार निमुळती झाली होती. वेगासाठी मीच ती तशी केली. तिला पोट हवं होतं, म्हणजे लाटेनं तिला वर उचललं असतं."

रुपाजीने उखडलेल्या बरगड्यांकडे पाहिले. "म्हणजे आता हे बुडणार नाही?"

"त्या रीतीनं बुडणार नाही," आबा म्हणाले. "दुसऱ्या रीतीनं बुडेल. ती रीत मला अजून ठाऊक नाही."

रुपाजीने आणलेली हत्यारे खाली ठेवली. मग आबाच म्हणाले, "धाकूनं अखेरपर्यंत सुकाणू सोडलं नव्हतं. हरबा सांगत होता. म्हणूनच दोष नाळेचा हे नक्की कळलं. त्यानं सोडलं असतं, तर मी त्यालाच बोल लावून मोकळा झालो असतो."

"आणखी काय म्हणाला हरबा त्याच्याविषयी?"

"मी विचारलं नाही."

रुपाजी खाली बसला. ओहोटीचे पाणी चिखलातून मागे सरत होते. आबांनी पुन्हा बरगडीला हात घातला. एकट्याने ती हलेना. थोड्या वेळाने रुपाजी उठला आणि त्याने दुसरे टोक धरले.

नवी नाळ भरदार झाली. गलबत पाण्यात लोटायच्या दिवशी खलाशांच्या घरच्या बायका नारळ आणि कुंकू घेऊन आल्या. त्यांतल्या एकीचा एकुलता मुलगा पहिल्यांदाच समुद्रावर निघाला होता. ती रुपाजीजवळ येऊन म्हणाली, "हे तरी पोरांना परत आणील ना रे?"

रुपाजीने आबांकडे पाहिले. आबा पाण्याकडे पाहत होते.

"काकी, आम्हांला जेवढं कळलं, तेवढं सगळं ह्यात घातलंय," रुपाजी म्हणाला.

ती पुढच्या वाक्याची वाट पाहत राहिली. मग वचन मिळणार नाही हे उमगल्यागत तिने मान हलवली, आणि पुढे होऊन नाळेच्या ओल्या तेलकट लाकडावर कुंकवाचे बोट टेकवले.