भट्टीत उकळलेला हुकूम

ठकूबाई परटिणीनं राजाचा मनाई हुकूम भट्टीत उकळला. मुद्दाम नव्हे. मळू नये म्हणून तिनं तो चादरीत गुंडाळून ठेवला होता, आणि मग ती चादरच धुवायला टाकली. कागद असा पांढराशुभ्र निघाला की राजाचं नावसुद्धा त्यावर उरलं नाही.

"चाळीस वर्षं डाग काढतेय," ती दरबारात म्हणाली, "पण इतका साफ हात कधी बसला नव्हता. महाराज, दुसरा लिहून द्या."

हुकूम साधाच होता. नदीच्या घाटाकडं जाणारी परटांची जुनी वाट हैबतराव देशमुखांच्या केळीच्या बागेतून जायची, ती कुणी अडवू नये. दुसरी वाट डोंगराला वळसा घालून दोन कोस. ठकूबाईची गाढवं तिच्याइतकीच म्हातारी नि तिच्याइतकीच हट्टी, ती काही त्या वाटेनं जाईनात. घाट बंद म्हणजे चूल बंद.

राजानं दुसरा हुकूम दिला, सोबत शिपाईही दिला. शिपाई असेतो वाट मोकळी. त्याची पाठ वळली की वाटेत बाभळीच्या फांद्या आडव्या! देशमुख म्हणायचे, "वाऱ्यानं येतात हो." ठकूबाईनं फांद्यांपुढं हुकूम नाचवून पाहिला. बाभळीला वाचता येत नव्हतं, ठकूबाईलाही येत नव्हतं. दोघी एकमेकींकडं बघत राहिल्या.

ती तिसऱ्यांदा दरबारात आली तेव्हा राजा वैतागला.

"म्हातारे, तुझ्या वाटेवर जन्मभर शिपाई उभा करू की काय? असा पहारेकरी आण, जो खात नाही, झोपत नाही, लाच घेत नाही. वाट अडली की त्यानंच मला येऊन सांगावं. तुझी तक्रार मला पुन्हा ऐकायची नाही. पंधरा दिवसांत आणला नाहीस, तर हुकूम रद्द."

दरबारात बसलेले हैबतराव मिशीतल्या मिशीत हसले.

ठकूबाईनं डोकं खाजवलं. तिच्या मते तिथं आता उवा आणि हट्ट एवढंच शिल्लक होतं, पण खाजवल्यावर काहीतरी हाती लागलं.

"आणते," ती म्हणाली. "तोवर महाराजांचे अंगरखे माझ्याकडं धुवायला द्या. पोट तरी चालेल."

"ने. पण हुकुमासारखे धुऊ नकोस म्हणजे झालं."

शिपायानं वाट मोकळी केली. चार दिवस वाड्यावरून बोचकं आलं, धुऊन परत गेलं. पाचव्या दिवशी वाटेत बाभळी. ठकूबाई अवाक्षर बोलली नाही. तिच्या सुनेला हे इतकं नवं वाटलं, की तिनं सासूच्या कपाळाला हात लावून ताप पाहिला. बोचकी मात्र येत राहिली, घरात साठत राहिली.

दहाव्या दिवशी राजाच्या खुंट्या रिकाम्या झाल्या. राजा दरबारात आला तो कालच्याच अंगरख्यात. छातीवर आमरसाचा वीतभर डाग, डागावर दोन माशा. सारा दरबार छताकडं बघू लागला.

"बोलवा त्या परटिणीला!"

ती आली तशी हैबतरावांनी संधी साधली. "महाराज, परटीण बदला. हिच्या हातून आता काम होत नाही."

"खरंय सरकार," ठकूबाई म्हणाली. "सगळे अंगरखे घरात मळके पडलेत."

"का?" राजा गरजला.

"मी कशी सांगू? माझी तक्रार ऐकायची नाही, असं महाराजच म्हणाले. पहारेकऱ्याला विचारा. सकाळीच हजर झालाय."

"कुठं आहे?"

"महाराजांच्या छातीवर."

राजानं मान खाली घातली.

"खात नाही," ठकूबाई म्हणाली, "उलट दुसऱ्यानं खाल्लेलं दाखवतो. झोप नाही, लाच नाही. वाट मोकळी असली की दिसत नाही, अडली की थेट दरबारात उभा."

राजानं डागावरची नजर हळूच हैबतरावांकडं वळवली. "का हो, वारा सुटला होता?"

हैबतरावांचं मिशीतलं हसू मावळलं. राजाच्या तोंडून मात्र असं हसू फुटलं की माशा उडून गेल्या.

"माझा शिक्का हरला, शिपाई हरला, आणि राज्य चालवलं आमरसानं! हैबतराव, फांद्या आजच स्वतःच्या हातांनी उचला. पुन्हा वारा सुटला, तर बाग परटिणीची. ठकूबाई, वाड्याचे कपडे कायमचे तुझ्याकडं. आणि दोन तरणी गाढवं घेऊन जा."

"आणि हुकूम, महाराज? तो कागद मी परवा पुन्हा..." ठकूबाईनं जीभ चावली.

राजाला हसता हसता ठसका लागला. "या खेपेला तांब्याच्या पत्र्यावर कोरून देतो. हवा तेवढा उकळ!"