हरवलेली कानस

“मग कानस गेली कुठे, महाराज? समुद्राने गिळली?”

केसोपंतांनी सहज विचारल्यासारखं विचारलं. महिपतनाथ गोसावी डोळे मिटून बसला होता. त्याने ते उघडले नाहीत.

केसोपंतांना ते मिटलेले डोळेच खटकत. इतक्या कोंदट दुर्गंधीत कोणी शांत बसतो, म्हणजे त्याच्या पोटात नक्की काहीतरी आहे, असं त्यांना तीन दिवस वाटत होतं.

जहाजाने मुंबई सोडून अकरा दिवस झाले होते. तळात बेड्या घातलेले दोनशे कैदी, आणि वर केसोपंतांसारखी आपखुशीने निघालेली थोडी माणसं. सगळी मिळून दूरच्या एका बेटावर नवी वसाहत उभी करायला चालली होती. केसोपंत तिथे कारकून होणार होते. समुद्र ओलांडला म्हणून भावकी वाळीत टाकील, याची त्यांनी पर्वा केली नव्हती. आपण आपल्या पायांनी जहाजावर चढलो, हे ते दिवसातून एकदा तरी कोणाला तरी ऐकवत.

जहाजावरच्या सुताराची कानस नाहीशी झाली आणि सगळं बिनसलं. कैदी बेड्या कापून जहाज ताब्यात घेणार, अशी आवई उठली. कानस सापडेपर्यंत एकाही कैद्याला वर हवेला आणायचं नाही, असा कप्तानाने हुकूम काढला. कैद्यांची भाषा जाणणारे म्हणून शोधाचं काम केसोपंतांवर आलं. बाकीचे कैदी त्यांच्यातल्याच गोसाव्याचा शब्द मोडत नाहीत हे हेरून ते तळात त्याच्याकडे शिष्य होऊन गेले. उपदेश हवा म्हणाले. नजर मात्र घोंगड्यांखाली फिरत राहिली.

“उपदेश मागतोस,” गोसावी आज पहिल्यांदा बोलला, “आणि अजून पाया पडला नाहीस.”

केसोपंत नाइलाजाने वाकले.

“माझ्या नको. ह्याच्या.”

शेजारी येसबा पडला होता. डोंगरातला म्हातारा, दंग्यात सापडलेला…

केसोपंत अडखळले. असल्या माणसाच्या पायाला हात लावायचा? पण नाही म्हणावं तर सोंग उघडं पडणार.

ते वाकले. आणि तसेच राहिले.

येसबाच्या घोट्यावरचं बेडीचं कडं कापलेलं होतं. वरून गुंडाळलेली चिंधी सरकली होती. चिंधीखाली मांस सडून हाड दिसत होतं, पण जखम स्वच्छ धुतलेली होती. गोसाव्याचा पाण्याचा लोटा कोरडा पडला होता. त्याचे ओठ फुटले होते.

गोसाव्याने मांडीखालून कानस काढली आणि केसोपंतांच्या हातावर ठेवली.

“किती जणांची कडी कापलीत?”

“एकाचं.”

“कशावरून?”

“दोनशे जण आहेत. एकेकापुढे वाकून बघ.”

केसोपंत वाकले नाहीत. कानस बाहीत सरकवून ते शिडी चढले.

खरं सांगितलं तर गोसाव्याच्या पाठीवर फटके बसणार आणि येसबाच्या त्याच पायात नवं कडं ठोकलं जाणार, हे त्यांना दिसत होतं. खोटं बोलावं, आणि गोसावीच खोटा निघाला तर… पहिले गळे वरच्यांचे कापले जाणार होते.

दोरखंडांच्या वेटोळ्यात सापडली, असं त्यांनी सांगितलं.

कप्तानाने कानस पाहिली. मग केसोपंतांकडे जरा जास्तच वेळ पाहिलं.

दुपारी तळावरची जाळी उघडली. कैदी उन्हाने डोळे किलकिले करत एकेक वर आले. कापलेल्या कड्यावर चिंधी नीट गुंडाळून येसबाला दोघांनी धरून आणलं. वाऱ्यावर बसताच त्याने तोंड उघडून इतका लांब श्वास घेतला, की तो गेला असंच क्षणभर वाटलं.

केसोपंतांचं मात्र त्याच्याकडे लक्ष नव्हतं. ते प्रत्येकाच्या घोट्याकडे पाहत होते. कुठे चिंधी दिसते, कुठलं कडं सैल हलतं…

शेवटी ते गोसाव्याजवळ गेले. तुमच्यासाठी मी माझी मान अडकवली, असं हळूच म्हणाले. बेटावर उतरेपर्यंत दगा होणार नाही, एवढी शपथ घ्या, म्हणाले.

गोसावी येसबाच्या पायावरची चिंधी सारखी करत होता.

“विश्वास ठेवलास, पंत,” तो म्हणाला. “आता त्या विश्वासाला तरी शपथेची बेडी घालू नकोस.”