सर्जेराव जे बोललेच नाहीत

“…म्हणजे तलवार हातात मिळणार तरी कधी?”

सर्जेराव इंगवल्यांचा सकाळपासूनचा हा चौथा सवाल होता, आणि चारही वेळा तोच.

“तीन वाजता, काका,” ऋजुता म्हणाली. “आत्ता सव्वाअकरा होतायत.”

“मग तोवर काय करायचं?”

“शहर बघायचं.”

सर्जेरावांनी शहराकडे बघितलं. त्या घडीला शहर म्हणजे सामुराईंच्या जुन्या वस्तीतली एक गल्ली होती. दोन्ही बाजूंना पिवळट मातीच्या भिंती, कडेनं वाहणारा पाट.

“बघितलं,” ते म्हणाले. “पुढं?”

ऋजुतानं दातावर दात ठेवले आणि हसली.

ती मूळची मिरजेची. जपानमधल्या कानाझावा शहरात राहून तिला चौदा वर्षं झाली होती, आणि त्यातली नऊ ती हेच काम करत होती : एका पाहुण्याला एक दिवस शहर दाखवायचं आणि शेवटी तासभर जपानी तलवारीचा धडा. पाहुणे अमेरिकेचे असत, फ्रान्सचे असत. मराठी पाहुणा तिला आजवर एकच मिळाला होता, आणि तो हा असा.

सर्जेरावांची कोल्हापूरजवळ फाउंड्री. वय चौसष्ट. त्यांच्यासाठी ही सहल ठरवली होती त्यांच्या मुलानं, धैर्यशीलनं. तो तासाभराच्या अंतरावर एका कारखान्यात इंजिनिअर होता. त्यानं फोनवर एवढंच सांगितलं होतं : बाबांना पाच वाजता स्टेशनवर आणा. तोवर त्यांना रिकामं बसू देऊ नका.

रिकामं बसण्याचा प्रश्नच नव्हता. सर्जेराव कुठे टेकतच नव्हते.

मोठ्या बागेत माळी पाइनच्या फांद्यांना वरून दोर बांधत होते. बर्फाच्या भारानं फांद्या मोडू नयेत म्हणून.

“बर्फ कुठाय?” सर्जेरावांनी विचारलं.

“पडेल. महिन्याभरानं.”

“मग आत्ताच कशाला बांधतोय हा?… आणि गाठ चुकलीय त्याची. सांगा त्याला, असली गाठ सरकती म्हणावं. आम्ही क्रेनला अशी बांधली तर माणूस मरंल.”

शिडीवरचा माळी खाली बघत होता. ऋजुता त्याला जपानीत म्हणाली, “पाहुण्यांना तुमचं काम फार आवडलं.”

माळ्यानं शिडीवरूनच वाकून नमस्कार केला.

“बघा,” सर्जेराव खूश झाले. “पटलं त्याला.”

हे तिचं रोजचंच होतं. पाहुण्याच्या तोंडून निघालेलं काट्याकुट्याचं वाक्य ती मध्येच धरायची, सोलायची आणि पलीकडे गर देऊन मोकळी व्हायची. नऊ वर्षांत तिच्या पाहुण्यांचं कुणाशी भांडण झालं नव्हतं. याचा तिला अभिमान होता.

जेवताना मात्र सर्जेराव थोडे थांबले. नूडल्सच्या वाडग्यात चॉपस्टिक उभी धरून म्हणाले, “ताई, पाचला तुम्हीपण थांबता का जरा?”

“का हो?”

“पोराची बायको येणार हाय. जपानी. त्यानं परस्पर लग्न केलं. मी तवा फोनवर नको ते बोललो… दोन वर्षं झाली. आता नातू हाय, आठ महिन्यांचा. या म्हणाला, म्हणून आलो.” त्यांनी वाडगा सरकवला. “तिला मराठी येत न्हाई, आणि माझं तोंड फाटकं. मी काय बोलेन ते जरा गोड करून सांगा.”

“सांगेन की,” ऋजुता म्हणाली.

घड्याळात दीड वाजला होता. सर्जेरावांनी मनगट कानाशी नेलं, जणू ते बंदच पडलं असावं.

*

तीन वाजता ते मुराई सेन्सेईंच्या, म्हणजे मुराई गुरुजींच्या, तालमीत पोहोचले.

तालीम म्हणजे मागल्या गल्लीतली लाकडी जमिनीची एक खोली. मुराई सेन्सेई एकोणऐंशी वर्षांचे. चाळीस वर्षं त्यांनी शहराची बस चालवली आणि पहाटे तलवार शिकवली. बस सुटली, तलवार राहिली.

ऋजुता त्यांची शिष्या होती. मंगळवारी आणि शनिवारी पहाटे यायची, सहा वर्षं. जमीन पुसायची, शिकायची, वाकून नमस्कार करून निघायची. दर वसंतात सेन्सेई पहिल्या परीक्षेसाठी नावं पाठवत. तिच्यामागून आलेले चौघे परीक्षा देऊन पुढे गेले होते. तिचं नाव एकदाही गेलं नव्हतं.

तिनं कधी विचारलं नाही. तसं विचारणं इथं बरं दिसत नाही, असं ती स्वतःला समजावायची. समजूत दर वसंतात थोडी थोडी आंबत चालली होती.

सेन्सेईंनी सरावाची तलवार दोन्ही हातांवर आडवी धरून पुढे केली. पातं बिनधारेचं, टोक मात्र टोकच.

सर्जेरावांनी कुणी न सांगता ती कपाळाला लावली.

सेन्सेईंनी ऋजुताकडे पाहिलं.

“त्यांच्या घरी एक जुनी तलवार आहे,” तिनं सकाळी ऐकलेलं सांगितलं. “दसऱ्याच्या सुमारास पूजा करतात.”

“हं,” सेन्सेई म्हणाले. मग त्यांनी म्यान सर्जेरावांच्या कमरपट्ट्यात खोवलं, स्वतःची तलवार एकदा काढून दाखवली आणि बाजूला झाले.

सर्जेरावांनी सपकन तलवार उपसली. खरं सांगायचं तर झोकात उपसली.

“हं. परत ठेवा.”

सर्जेरावांनी मान खाली घातली, म्यानाचं तोंड शोधलं आणि टोक आत घालू लागले.

“न बघता,” सेन्सेई म्हणाले. “समोर बघा.”

“समोर काय हाय? भिंत हाय!”

ऋजुतानं सांगितलं. सेन्सेई म्हणाले, “समोर कोण आहे ते ज्याचं त्यानं बघावं.”

सर्जेरावांनी समोर बघितलं. टोक म्यानात जायच्या ऐवजी अंगठ्याजवळच्या मऊ जागी टोचलं.

“आई गं!”

“परत.”

पुन्हा काढली. पुन्हा मान खाली गेली.

“न बघता.”

पुन्हा टोचलं.

“परत.”

पाऊण तास हेच चाललं. तलवार निघायची झटक्यात, आणि आत जाताना म्यानाशी, अंगठ्याशी, बाहीशी भांडायची. सर्जेरावांचा सदरा पाठीला चिकटला. हातावर लाल ठिपक्यांची रांगोळी उठली.

“त्यांना विचारा, वार कधी शिकवणार?”

“पाहुणे विचारतात, पुढचा भाग कोणता?”

“हाच,” सेन्सेई म्हणाले. “परत.”

आणखी दहा मिनिटं… मग सर्जेरावांचा बांध फुटला. तलवार हातात तशीच उघडी धरून ते ऋजुताकडे वळले.

“ह्यो म्हातारा मला शिकवतोय का माझी थट्टा करतोय? काढा, ठेवा, काढा, ठेवा! एवढ्या लांबून ह्यासाठी आलो व्हय मी? एक वार शिकवायला ह्याचं काय जातंय?”

खोलीत आवाज घुमला.

ऋजुता सेन्सेईंकडे वळली, किंचित वाकली. “पाहुणे म्हणतात, हे फार अवघड आहे. पण शिकताना आनंद वाटतोय.”

सेन्सेईंनी सर्जेरावांकडे बघितलं, मग तिच्याकडे. खिडकीबाहेर कुणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं.

“ते मोठं होतं,” सेन्सेई म्हणाले. “तू लहान सांगितलंस.”

“मराठीत कधी कधी…”

“चाळीस वर्षं बस चालवली मी. मागच्या बाकावर भांडण लागलं की पुढे कळतं. भाषा यावी लागत नाही.”

ऋजुताचे कान तापले.

“जसं आहे तसं सांग.”

“सेन्सेई, ते… बरं नाही दिसणार.”

“जसं आहे तसं.”

सकाळपासून ती धरत होती, सोलत होती, गर वाटत होती. गल्लीत, बागेत, जेवणाच्या टेबलावर. आणि आता हा माणूस, ज्याच्यासमोर तिनं सहा वर्षं आवाज चढवला नव्हता, तिला म्हणत होता, काट्यांसकट दे.

ठीक आहे. घ्या.

“हा म्हातारा मला शिकवतोय की माझी थट्टा करतोय?” ती जपानीत म्हणाली. शब्द स्वच्छ आले, तिला वाटलं होतं त्याहून सोपे. “काढा, ठेवा, काढा, ठेवा! एवढ्या लांबून मी यासाठी आले का? एक वार शिकवायला तुमचं काय जातं?…”

इथं वाक्य संपलं होतं. ती थांबली नाही.

“सहा वर्षं! बर्फात येते, पावसात येते. ही जमीन पुसते. माझ्यामागून आलेले चौघे पुढे गेले, आणि मी त्यांचं अभिनंदन केलं, चौघांचंही. माझं काय चुकतं ते एकदा तरी सांगाल? इतरांवर ओरडता. माझ्यावर ओरडतसुद्धा नाही तुम्ही! काही व्हायचं नसेल माझं, तर येऊ नकोस म्हणा. म्हणा ना तसं! माझ्या पहाटा तरी वाचतील!”

शेवटचं वाक्य किंचाळीच्या अगदी शेजारचं होतं.



सेन्सेई हलले नाहीत. सर्जेराव डोळे फाडून ऋजुताकडे बघत होते. तिच्या हनुवटीला कंप सुटला होता. या सकाळपासून हसणाऱ्या बाईचा असा चेहरा त्यांनी पाहिला नव्हता. तिच्यावरची नजर न काढता त्यांचा उजवा हात आपसूक वळला, पातं डाव्या मुठीवरून मागे सरकलं, टोकाला तोंड सापडलं, आणि तलवार आत गेली.

टक्.

तिघांनीही तो आवाज ऐकला.

सर्जेरावांनी आता कुठे खाली बघितलं. म्यान बघितलं, अंगठा बघितला. नवीन ठिपका नव्हता.

सेन्सेई त्यांच्यासमोर आले आणि कमरेत वाकले. पुरते, खोल. धडा संपला होता.

सर्जेरावही वाकले. मग हळूच ऋजुताला म्हणाले, “ताई… एवढं सगळं मी बोललो व्हतो?”

“नाही, काका.”

“मला वाटलंच.” थोडं थांबून ते म्हणाले, “पण म्हातारं कुठं रागावलं?”

*

दाराशी ते बूट घालत होते. साडेचार होत आले होते.

“टॅक्सी सांगते,” ऋजुता म्हणाली. “मग मी आहेच पाचला तुमच्याबरोबर.”

सर्जेरावांनी बुटाची नाडी बांधली, सोडली, पुन्हा बांधली.

“नको,” ते म्हणाले. “तुम्ही येऊ नका.”

“अहो, तुम्हीच म्हणालात ना? सूनबाईंना मराठी…”

“न्हाई कळणार तिला, तर न्हाई कळू दे. पोरगं असंल की मधी. त्यालाबी मग तोंड उघडायला लागंल.” ते उठून उभे राहिले. “त्या फोननंतर दोन वर्षं माझे निरोप त्याची आत्या पोचवत हुती. गोड करून. मी शिवी दिली तरी त्याच्यापर्यंत आशीर्वाद जायचा. त्याला कधी कळलंच न्हाई, मी नंतर किती चिडलो व्हतो… आणि मग माझी चूक मला कळली, तेबी त्याला कळलं न्हाई.”

“आणि तिथे काही वेडंवाकडं निघालं तोंडून?”

“निघंल की. मी इंगवल्यांचा हाय.” त्यांनी टोचलेला अंगठा तोंडात घातला, बाहेर काढून बघितला. “पण मग मी तिथं उभा असेन. आत्या न्हाई.”

ते जाऊन रस्त्याच्या कडेला उभे राहिले. पहिल्यांदाच त्यांनी किती वाजले ते विचारलं नाही.

ऋजुता मात्र परत आत गेली.

सेन्सेई गुडघ्यांवर बसून सरावाच्या तलवारीवरून कापड फिरवत होते. ती त्यांच्यासमोर बसली, दोन्ही हात जमिनीवर टेकले आणि कपाळ खाली नेलं.

“सेन्सेई, मघाशी जे बोलणं झालं, त्याची क्षमा मागते.”

कापड मुठीपासून टोकापर्यंत गेलं.

“त्यातलं सगळं… पाहुण्यांचं नव्हतं.”

“अर्धं होतं,” सेन्सेई म्हणाले. “ते त्यांनी आत ठेवलं, आणि गेले.”

ती मान वर करेना. बाहेर टॅक्सीचं दार लागल्याचा आवाज आला.

“उरलेलं अर्धं कुणाचं होतं?”

ऋजुतानं उत्तर जुळवायला घेतलं. नम्र, नेमकं, कुणालाही टोचणार नाही असं. दोन शब्द ओठांपर्यंत आलेही… आणि तिचे तिलाच ते ऐकवेनात. तिनं ते गिळले.

सेन्सेईंनी तलवार म्यानात ठेवली. ते भिंतीकडे बघत नव्हते, म्यानाकडे बघत नव्हते. तिच्याकडे बघत होते.

“ज्याचं असेल त्याला शनिवारी पहाटे पाठवून दे,” ते म्हणाले. “दुभाषी नको.”