मानाची गोळी

तळकोटकरांनी यंदाही ढाल नेली, आणि निंबगिरीच्या तुळाजीराव महाराजांनी जेवणाचं ताट भिरकावून दिलं. दोन संस्थानांमधली ही बंदुकीची चढाओढ पणजोबांच्या काळापासूनची. दर वर्षी दसरा झाला की दोन्हीकडचे नेमबाज चांदमारीच्या माळावर उतरत आणि पाव कोसावरच्या निशाणावर गोळ्या झाडत. संघातल्या सगळ्यांचे गुण एकत्र धरत, आणि ज्यांचे जास्त त्यांना चांदीची ढाल मिळे. महाराज गादीवर आल्यापासून ती ढाल निंबगिरीकडे फिरकली नव्हती. कारण अगदी साधं होतं. महाराज स्वतः संघात होते.

त्यांची गोळी निशाण सोडून कुठंही लागे. टेकडीला लागे, बाभळीला लागे, एकदा तर पंचाच्या तंबूची दोरीच तुटली. त्यावर दिवाण त्र्यंबकपंत डोळे मिटून म्हणाले होते, "काय नाजूक नेम, सरकार! दोरी हलत होती, तरी साधली!" भोवती असली माणसं असल्यावर आपण हुकतो हे राजाला कळणार कुठून?

निशाणाखालच्या खंदकात रावजी बसे. गोळी लागली तर काठीची पांढरी तबकडी भोकावर धरायची, हुकली तर लाल बावटा हलवायचा, एवढंच त्याचं काम. त्याची मुलगी हौसा शेजारी बसून निशाणाच्या भोकांवर खळीने कागद चिकटवी. महाराजांच्या पाळीला ती खुशाल शेंगा खात बसे.

यंदा हरल्यावर दिवाणजींनी गुन्हेगार शोधून काढला. रावजी तळकोटकरांना फितूर आहे, सरकारांच्या गोळीला मुद्दाम लाल बावटा दाखवतो! महाराजांना ते लगेच पटलं. असलं त्यांना पटायचंच. त्यांनी रावजीला दरबारात उभं केलं आणि बजावलं, "पुढच्या वर्षी माझी गोळी सुटली पाहिजे आणि ढालही आली पाहिजे. नाही आली, तर तुझ्या घरावर नांगर फिरवीन आणि तुम्हा बापलेकीला हद्दीबाहेर काढीन."

रावजी वर्षभर झुरला. हौसाला मात्र रडू येईना, तिला राग आला. त्या घरात तिची आई गेली होती, तिथली भिंत न् भिंत तिने स्वतः सारवली होती. एका माणसाला 'हुकलं' म्हणायची कुणाची छाती होत नाही, आणि त्यापायी घर आमचं जाणार? सामन्याच्या आदल्या दिवशी ती पदर खोचून दरबारात गेली आणि म्हणाली, माझं एक गाऱ्हाणं आहे, त्या पंचाला आवरा.

"का? काय केलं त्याने?" महाराजांनी विचारलं.

"तो सरकारांच्या गोळीला गुण देतो. पागेतल्या शिपायाला गुण आणि गादीच्या मालकालाही गुण, ते पण एकाच पाटीवर. सरकार काय शाळेत बसलेत?"

महाराज ताठ झाले. हे त्यांच्या कधी ध्यानातच आलं नव्हतं. मग करावं काय, असं त्यांनी विचारलं.

"जत्रेत पहिला नारळ सरकारांच्या हातचा असतो. तो मानाचा, तो कुणी मोजत नाही. तशी पहिली गोळी मानाची. ती सरकारांनी झाडावी, वर तोफ उडावी. मग गुण मिळवायचं हलकं काम बाकीचे करत बसतील."

दिवाणजींना यातली मेख कळली, पण ती फोडून सांगायची तर महाराज हुकतात हे आधी सांगावं लागणार. त्यांनी नुसतीच कुरकुर केली, की मग संघात एक माणूस कमी पडेल.

"पागेतला कुणीही घ्या की," हौसा म्हणाली. "सरकारांची जागा कोण भरणार म्हणा! पण गुणांपुरता कुणीही चालेल."

महाराज खूश झाले. दुसऱ्या दिवशी चौघडा वाजला, महाराजांनी मानाची गोळी झाडली, तोफ उडाली. खंदकात रावजीचा हात सवयीने लाल बावट्याकडे गेला, तो हौसाने घट्ट धरून ठेवला. मग सामना सुरू झाला. पागेतला शिपाई काही फार मोठा नेमबाज नव्हता, पण त्याची गोळी निदान निशाणाला तरी लागत होती. तेवढं पुरलं. ढाल निंबगिरीची झाली आणि तळकोटकर तोंडं पाडून गेले.

संध्याकाळी दरबार भरला. ढाल मांडीवर घेऊन बसलेल्या महाराजांना काहीतरी खुपत होतं. मी संघात नाही आणि ढाल आली? त्यांनी हौसाला बोलावून घेतलं.

"पोरी, खरं सांग. मानाची गोळी कुठं लागली?"

"मधोमध, सरकार!" दिवाणजी मध्येच बोलले.

"तुम्ही खंदकात होतात?" महाराजांनी विचारलं, आणि ते पुन्हा हौसाकडे वळले.

"ती मोजायची नव्हती, सरकार," हौसा म्हणाली. "म्हणून मी बघितलीच नाही."

"आणि इतकी वर्षं मोजायच्या होत्या, त्या?"

"त्या सगळ्या बघितल्या. म्हणून तर हा मान सुचला."

महाराज आधी लाल झाले, मग त्यांचे खांदे हलू लागले, आणि ते इतके हसले की मांडीवरची ढाल घरंगळून खाली पडली. रावजीचं घर त्यांनी तिथल्या तिथे हौसाच्या नावे करून दिलं, आणि पुढच्या वर्षी लाल बावटा धरायला त्र्यंबकपंतांनी खंदकात बसावं असा हुकूम सोडला. मग डोळे पुशीत ते हौसाला म्हणाले, आणखी काय हवं ते माग.

"एवढंच मागते," हौसा हात जोडून म्हणाली, "हा मान दर वर्षी सरकारांकडेच राहू द्या."

महाराजांना पुन्हा हसू फुटलं, आणि हसता हसताच त्यांनी हातातलं सोन्याचं कडं काढून तिच्यापुढे केलं.