रानतुळशीची राखण

दाट जंगलातल्या एका पाणथळीच्या काठी एक हरिणी आपल्या पाडसाला घेऊन राहत असे. पाडस जेमतेम आठ दिवसांचे. कान हलवून डास उडवावेत, एवढेही त्याला अजून कळत नव्हते. दिवस कलला, की पाणथळीवरून डासांचे थवे उठत आणि त्याच्या कोवळ्या कानांवर तुटून पडत. रात्रभर झोप नाही, आणि झोप नाही म्हणून सकाळी दूध प्यायला ताकद नाही. चार दिवसांत त्याच्या फासळ्या दिसू लागल्या. हरिणी बिचारी त्याला चाटून चाटून थकली. मुलांनो, आईने चाटले की पिल्लू शांत होते, पण डास काही हटत नाहीत.

तिची ही दशा पाहून एक साळुंकी म्हणाली, "ताई, त्या चढावर रानतुळशीचं झुडूप आहे. तिच्या वासापुढे डास टिकत नाहीत. आम्हीसुद्धा तिची पानं खुडून घरट्यात घालतो." हरिणी लगेच पाडसाला घेऊन त्या झुडपापाशी जाऊन बसली. आता ही हरिणी होती भारी जपणारी. एवढे गुणाचे झाड मिळाले म्हटल्यावर तिने त्याची अशी राखण आरंभली, की विचारू नका. पानाला कोणी तोंड लावायचे नाही, फांदीला कोणाचे अंग लागायचे नाही. पाडस लोळत जरा जवळ गेले, तर त्यालाही ती हळूच मागे ओढी. शेजारची रानडुकरीण आपली पाच पिल्ले घेऊन आली आणि म्हणाली, "बाई, माझ्या पोरांनाही डास फोडून काढतात. दोन डहाळ्या घेऊ का?" हरिणी म्हणाली, "नको गं बाई. तुझी पोरं धसमुसळी. झाडच राहिलं नाही, तर माझं बाळ वाचायचं कसं?"

झाडाचे पानही हलले नाही आणि डासही हलले नाहीत. तिसऱ्या दिवशी पाडसाने दुधाला तोंडच लावले नाही. हरिणीच्या काळजाचे पाणी पाणी झाले. संध्याकाळ होताच ती चार झाडे पलीकडे राहणाऱ्या साळुंकीला जाब विचारायला धावली. इकडे रानडुकरिणीची पिल्ले टपूनच बसली होती. राखणदार जाताच ती झुडपात घुसली, मनसोक्त लोळली, त्यांनी एकमेकांना ढुशा दिल्या आणि खेळायला गडी हवा म्हणून पाडसालाही आत ओढले. हरिणी परतली तेव्हा निम्मे झुडूप आडवे झाले होते आणि पाने पार चेंगरली होती.

"केलंत ना माझ्या झाडाचं वाटोळं," म्हणता म्हणता तिला रडू कोसळले. पण रडतानाच तिला ठसका लागला. तीन दिवसांत कधी आला नव्हता असा उग्र वास चहूकडे सुटला होता. डास लांबच घोंघावत होते. पाडस मात्र पानांत मान टाकून निपचित पडले होते. हरिणीने घाबरून त्याच्या पोटाला नाक लावले. पोट संथपणे वरखाली होत होते. किती दिवसांनी ते गाढ झोपले होते!

तेवढ्यात रानडुकरीण धापा टाकत आली. "पोरांच्या वतीनं मी माफी मागते. पण मुळं शाबूत आहेत हो, झुडूप पुन्हा फुटेल."

"माफी मीच मागायला हवी," हरिणी म्हणाली. "मी झाड राखत बसले आणि बाळाला डासांच्या तोंडी दिलं. उद्या वास उतरला की पाठव पोरांना लोळायला, माझंही बाळ लोळेल. आता मात्र हळू बोल. आत्ताच झोपलंय ते."

तात्पर्य : चांगली वस्तू नुसती जपून ठेवली तर कोणाच्याच कामी येत नाही, ती वापरावी आणि वाटून वापरावी, तेव्हाच तिचा गुण येतो.