सातशिळांची हाक

चिंतननाथ महाराजांचा मुक्काम त्या वर्षी हिरडेवाडीला होता. गावाबाहेरच्या धर्मशाळेत ते उतरले होते. भाविकहो, या हिरडेवाडीच्या पाठीशी एक रान होते. लोक त्याला चकव्याचे रान म्हणत. तिथे जांभळीला पौषातही फळ धरे, आणि सकाळची पायवाट दुपारी जागेवर सापडेलच अशी खात्री नसे. रानाच्या ऐन मध्यावर पुरुषभर उंचीच्या सात शिळा गोलाकार उभ्या होत्या. त्या कोणी रोवल्या, कशासाठी रोवल्या, हे कोणालाच ठाऊक नव्हते.

साळूबाईला मात्र त्या शिळा माहेरासारख्या होत्या. तिचा बाप सुभाना मध काढणारा. मार्गशीर्षात सारा गाव सातशिळांना जाई, तेव्हा तो लहानग्या साळूला खांद्यावर घेई. बाया खिरीचे पातेले चढवत, पोरी फुगड्या घालत, म्हातारी माणसे शिळेला पाठ टेकून उन्हात बसत. पुढे ती माणसे एकेक करून गेली. नवा रस्ता पलीकडून निघाला. गावाला रानाची भीती तेवढी उरली, ओढ गेली. साळूबाई सत्तरीला आली, तरी दर सोमवारी एकटी जाई, पालापाचोळा झाडी, प्रत्येक शिळेवर हात ठेवी आणि पुटपुटे, ‘इथं माझा बाप टेकायचा. इथं येसूआत्या बसायची.’

गावचे रंगराव इनामदार तेव्हा वाड्यापुढे कमान बांधत होते. एका संध्याकाळी धर्मशाळेत साळूबाईसह गाव जमला असता महाराजांसमोर बसूनच ते म्हणाले, “ही साळूबाई दगडांना ख्यालीखुशाली विचारते म्हणे. काय गं, उत्तर देतात का ते?”

लोक हसले. साळूबाईने मान खाली घातली. “उत्तर नाही देत, इनामदार. पण माझी माणसं तिथं जेवढी आठवतात, तेवढी दुसरीकडं नाही आठवत.”

महाराज शांतपणे म्हणाले, “आपल्या माणसांची आठवण जिथे कोणी इतक्या मायेने राखते, तिथे देवाला वेगळे आवतण लागत नाही.”

“महाराज, मला कमानीला दगड पाहिजे,” रंगराव म्हणाले. “उद्याच पाथरवट घेऊन जातो. त्या शिळा उभ्या-उभ्या वाया चालल्यात.”

ते निघून गेल्यावर साळूबाईच्या डोळ्यांना धार लागली. महाराज एवढेच म्हणाले, “माय, मन घट्ट ठेव. वेळ आली की हाक मार.”

दुसऱ्या दिवशी रंगराव चार पाथरवट घेऊन रानात शिरले. सातशिळांपर्यंत ते पोहोचलेच नाहीत. भर दुपारी असे धुके दाटले, की पुढच्या माणसाची पाठ दिसेना. पाथरवट पहारी टाकून पळाले आणि कसेबसे गावात आले. रंगराव आले नाहीत. रानाच्या पलीकडे खोल कडा होता, आणि चकवा लागलेला माणूस फिरून फिरून तिकडेच जातो, हे गावाला माहीत होते. कोणी आत जायला धजेना.

तेव्हा रंगरावांची बायको गोदाबाई साळूबाईच्या दारात आली. “मावशी, ते तुम्हाला नाही नाही ते बोलले. कोणत्या तोंडानं सांगू?”

“सांगू नकोस,” साळूबाई म्हणाली आणि काठी घेऊन निघाली.

तिचे पाय वाट ओळखत होते. शिळांपाशी पोहोचल्यावर तिला आठवले, आपण सहा वर्षांच्या असताना असेच धुके पडले होते. बापाने काठीने शिळा वाजवली होती. ती घंटेसारखी घुमली आणि त्या आवाजाच्या रोखाने आपण धावत येऊन त्याला बिलगलो. तिने काठी उचलून शिळेवर मारली. नुसता ठप्प आवाज आला. तिने पुन्हा मारली. पुन्हा तेच. शिळेला कपाळ टेकून ती म्हणाली, “महाराज, माझ्या हातात बापाची ताकद नाही. तुम्ही या.”

तिने काठी उचलली. या खेपेला ती जड लागली नाही. तिच्या हातावर कोणीतरी हात ठेवल्यासारखी ऊब होती. काठी शिळेवर पडली आणि शिळा घुमली. मग दुसरी, मग तिसरी, सातही शिळा एकामागून एक घुमू लागल्या. साळूबाईला वाटले, गेलेला सारा गाव एका सुरात हाक मारतो आहे.

थोड्या वेळाने धुक्यातून रंगराव धडपडत आले. अंगरखा फाटला होता. “कड्यावर होतो,” ते म्हणाले. “पुढचं पाऊल खालीच पडायचं. मागून आवाज आला म्हणून वळलो.” मग ते इकडेतिकडे पाहू लागले. “तुझ्याशेजारी काठी धरून महाराज उभे होते. कुठं गेले?”

“मला नाही दिसले,” साळूबाई म्हणाली.

दोघे धर्मशाळेत आले. महाराज सकाळपासून आसनावरून उठले नव्हते, असे सगळ्यांनी सांगितले. फक्त दुपारी बोलता बोलता ते थांबले, त्यांचा उजवा हात सात वेळा वर गेला आणि खाली आला. तळवा अजून लालबुंद होता.

रंगरावांनी तो तळवा पाहिला आणि त्यांनी महाराजांचे पाय धरले. महाराज म्हणाले, “मी बोलावल्यावाचून आलो नाही, इनामदार. जिने बोलावले, ती तुमच्या मागे उभी आहे.”

रंगराव वळले. काल हसलेली सगळी माणसे समोर बसली होती. त्यांच्यादेखत त्यांनी पागोटे उतरवले आणि साळूबाईच्या धुळीने भरलेल्या पायांवर डोके ठेवले. ते बराच वेळ उठेनात. साळूबाई अवघडून गेली. मग वाकून तिने त्यांच्या पाठीवरून हात फिरवला.

“उठा, इनामदार,” ती म्हणाली. “घरी गोदा उपाशी बसलीय.”